मालदीवच्या बेटावर पोरींची फुटबॉल टीम जमवताना

आधीच सांगून टाकते, मी कोच बिच काही नाही. मी गणिताची टीचर, मालदीवमधल्या एका बेटावरच्या शाळेत ओ-लेव्हलच्या, म्हणजे दहावीपर्यंतच्या पोरांना शिकवायचे. बेटाचं नाव सांगत नाही आणि सांगून उपयोग पण नाही, एका टोकाकडून दुसऱ्या टोकाला चालत जायला पंधरा-वीस मिनिटं लागतात एवढंच ते. शाळेत इंडियन टीचर्स भरपूर, पण बहुतेक केरळ-तमिळनाडूचे, मराठी मी एकटी. आणि मी स्टाफरूममधे एकदा बोलून गेले की आमचं कोल्हापूर म्हणजे फुटबॉलवेडं गाव, पाटाकडील आणि दिलबहार या तालमींच्या टीमची मॅच असली की शाहू स्टेडियमवर पाय ठेवायला जागा नसते, पेठापेठांत भांडणं होतात वगैरे. झालं. आमच्या लीडिंग टीचरनं ते ध्यानात ठेवलं आणि पुढच्या आठवड्यात मला बोलावून सांगितलं की मिस, ॲटॉलच्या (म्हणजे आमच्या बेटसमूहाच्या) इंटरस्कूल फुटसालला, म्हणजे छोट्या ग्राउंडवरच्या पाच-पाच जणांच्या फुटबॉलला, यंदा मुलींची टीम पाठवायचीय, तुम्ही बघा.

मी म्हटलं अहो मॅडम, मी फक्त बघितलंय, खेळलेली नाही. खरंच नाही खेळलेली. आमच्या लहानपणी तालमीच्या टीमचे टीशर्ट वाळत घालणं हा पोरींचा फुटबॉलशी संबंध. (आता खेळतात कोल्हापुरातल्या पोरी, चांगलं खेळतात, पण तेव्हा नाही.) पण बाई हसल्या फक्त, आणि मला एक शिट्टी, दोन जुने बॉल आणि परमिशन फॉर्मचा गठ्ठा मिळाला.

आता मालदीव म्हटलं की आपल्या लोकांना हनिमून आणि पाण्यावरची घरं आठवतात, त्यामुळे थोडं सांगावं लागेल. पाच-सव्वापाच लाख लोकसंख्या, हजाराच्या वर बेटं पण माणसं राहतात ती दोनशेसुद्धा नाहीत, आणि नागरिक सगळे मुसलमान, २००८ च्या त्यांच्या घटनेतच तसं आहे. आणि हा देश फुटबॉलसाठी वेडा आहे, म्हणजे आमच्या कोल्हापूरला लाजवेल एवढा. २०१८ च्या सॅफ कपच्या, म्हणजे दक्षिण आशियातल्या देशांच्या स्पर्धेच्या, फायनलला ढाक्यात त्यांनी इंडियाला २-१ नं हरवलं तेव्हा मी मालदीवलाच होते. अख्खं बेट रस्त्यावर, मोटरसायकली, भोंगे, आणि स्टाफरूममधे दुसऱ्या दिवशी आम्हा इंडियन टीचर्सची जी काय खेचली ती विचारू नका. २००८ च्या फायनलला पण आपल्यालाच हरवलं होतं, हे पण तेव्हा चारदा ऐकवलं. त्यांचा स्टार फुटबॉलर अली अश्फाक, त्याचं नाव तिथलं शेंबडं पोर पण घेतं.

तर अशा ठिकाणी पोरींची टीम जमवायला किती वेळ लागणार, असं मला वाटलं होतं. आणि अडचण आलीच तर धर्माची, कपड्यांची येईल असंही वाटलं होतं, खोटं कशाला बोलू. कोल्हापूरला फोनवर सांगितलं तर आईचा पण पहिला प्रश्न तोच, "अगं ते लोक पाठवतील का पोरींना?"

पाठवली. म्हणजे सगळ्यांनी नाही. फॉर्म घेऊन मी काही घरी स्वतः गेले, कारण पोरींच्या हातून दिलेले फॉर्म दप्तरातच राहतात हा माझा गणिताच्या टेस्टपेपरचा अनुभव. एका घरी वडील स्पष्ट नाही म्हणाले, पोरगी मोठी झालीय, बाहेर रोडवरून सगळे बघतात, नको. शांतपणे म्हणाले, चहा पाजला, पण नाही म्हणजे नाही. अजून एका घरी आजोबांचा विरोध होता. हे असतं, आणि गेल्या काही वर्षांत वाढलंय असं तिथल्या जुन्या टीचर्स सांगायच्या, त्यांच्या लहानपणी एवढ्या बायका बुरुगा घालत नव्हत्या म्हणे (बुरुगा म्हणजे डोक्याचा स्कार्फ). पण बाकीच्या घरांत प्रश्न काय होते माहितीये का, उन्हात काळी पडेल, गुडघा फुटला तर, ट्यूशनचं काय, आणि लाँचमधे सोबत कोण लेडी टीचर आहे. हे प्रश्न मला कोल्हापुरात पण विचारले असते.

कपड्यांचा मामला तर इतका साधा निघाला की मी चकित. पूर्ण बाह्यांचा टीशर्ट, शॉर्टखाली काळी लेगिंग, आणि डोक्यावर पिन न लावता घालायचा स्पोर्ट्सवाला बुरुगा, एकीच्या कझिननं राजधानी मालेहून बोटीनं पाठवला सगळ्यांसाठी. काहीजणी घालायच्या, काहीजणी नाही, आणि त्यावरून टीममधे कधी एक शब्द झाला नाही. फक्त पिना काढून ठेवा हे दर मॅचच्या आधी ओरडून सांगावं लागायचं, कारण पिन टोचली तर समोरचीचा डोळा जायचा.

आणि हे जे मला साधं वाटलं ना, ते काही वर्षांपूर्वी साधं नव्हतं बरं का. फिफानं २००७ पासून डोकं झाकून खेळायला बंदी घातली होती, गळ्याला फास बसेल, सेफ्टी वगैरे कारण देऊन. २०११ मधे इराणच्या पोरी ऑलिंपिक क्वालिफायरला जॉर्डनला गेल्या, अम्मानच्या ग्राउंडवर उतरल्या आणि मॅच सुरू व्हायच्या आधीच त्यांना बाद केलं, पोरी तिथंच रडत उभ्या. मग जॉर्डनच्या प्रिन्स अली यांनी फिफात राहून हा विषय लावून धरला, २०१२ मधे ट्रायल म्हणून परवानगी मिळाली आणि २०१४ मधे कायमची. म्हणजे "त्यांच्यात पोरींना खेळू देत नाहीत" असं आपण सहज बोलतो, पण बरीच वर्षं घरचे सोडायला तयार होते आणि दार फिफानंच लावून घेतलं होतं, हे मला तिथं जाईपर्यंत माहीतच नव्हतं.

बरं, परमिशन झाल्या. पुढं? पुढं पोरीच नाहीत! आमच्या शाळेत आठवी ते दहावीच्या वयाच्या मुली मोजल्या तर तीस-पस्तीस. त्यातल्या उंच आणि चपळ आधीच नेटबॉलनं नेलेल्या. तिथं शाळेत मुलींचा खेळ म्हणजे नेटबॉल (बास्केटबॉलसारखाच), त्याच्या मोठ्या स्पर्धा होतात, मेडल आहे, इज्जत आहे, आणि नेटबॉलच्या मिस माझ्याकडं मी पोरी पळवायला आल्यासारख्या बघायच्या. संध्याकाळी व्हॉलीबॉल. उरलेल्यांत कुणाला क्लास, कुणाला घरी लहान भाऊ सांभाळायचा. ओढून ताणून आठ पोरी जमल्या. फुटसालला पाच लागतात म्हणून जमलं तरी, अकराची टीम त्या बेटावर कुठल्याच वर्षी झाली नसती. शेजारच्या बेटावर पण नाही. आणि मधे समुद्र.

गोलकीपर कशी मिळाली ते सांगते, कारण तो माझा अभिमानाचा विषय आहे. तिथं बायकांचा एक जुना खेळ आहे बाशी, म्हणजे एक बाई नेटकडं पाठ करून टेनिसच्या रॅकेटनं बॉल डोक्यावरून मागं मारते आणि पलीकडं उभ्या बायका तो झेलतात, बॉल इतका जोरात येतो की हाताला मुंग्या येतात. माझ्या वर्गातल्या एका मुलीची आई बेटावरची नामांकित झेलणारी. पोरगी वर्गात एकदम गप्प, अल्जेब्रात कच्ची, मी सहज तिला म्हटलं गोलमधे उभी राहा, आणि तिनं पहिल्याच दिवशी मुलांच्या टीममधल्या पोराचा शॉट एका हातानं थांबवला. नंतर तिची आईच रोज प्रॅक्टिसला यायची, हातात रॅकेट घेऊन, आणि तिला बॉल मारत बसायची. असली गोलकीपिंग ट्रेनिंग कुठल्या कोर्समधे शिकवतात का सांगा.

खरा वैताग झाला तो ग्राउंडचा. बेटावर एक मातीचं मोठं ग्राउंड, आणि कौन्सिलकडचं नवीन आर्टिफिशियल टर्फ, फुटसालचं. टर्फच्या वेळा म्हणजे असरच्या नमाजानंतर साडेतीन-चार ते मगरीबपर्यंत, सहा वाजेपर्यंत, हा सोन्याचा वेळ, आणि तो वर्षानुवर्षं पुरुषांच्या ग्रुप्सनी वाटून घेतलेला. फिशिंगवाल्यांचा ग्रुप, पॉवरहाऊसवाल्यांचा ग्रुप, पोलिसांचा ग्रुप, पस्तिशीच्या वरच्यांचा वेगळा ग्रुप. रात्री लाइटखाली परत तेच. आम्हाला काय मिळालं, तर दुपारी दोन. दुपारी दोनला टर्फवर उभं राहून दाखवा, विषुववृत्त तिथनं हाकेच्या अंतरावर आहे, बुटाच्या तळातून चटका बसतो. कुणी आम्हाला नाही म्हणालं नाही हे मुद्दाम सांगते. सगळे गोड बोलायचे, "व्हेरी गुड मिस, गर्ल्स शुड प्ले", आणि वही उघडून दाखवायचे, स्लॉट फुल्ल. कौन्सिलच्या ऑफिसात मी इतक्या वेळा गेले की तिथल्या क्लार्कबाई मला बघून आधीच हसायच्या. शेवटी त्या क्लार्कबाईंनीच मार्ग काढला, पस्तिशीच्या वरच्या ग्रुपमधे तिचा नवरा होता, घरी काय बोलली माहीत नाही पण आठवड्यातले दोन दिवस चार ते पाच आम्हाला मिळाले. बाकी दिवस मातीच्या ग्राउंडच्या कोपऱ्यात, पावसात तिथं तळं. रमजानमधे सगळंच बंद, म्हणजे आमचं बंद, पुरुषांचं तरावीनंतर (रमजानमधली रात्रीची नमाज) मध्यरात्रीपर्यंत सुरूच.

पोरी मात्र कमाल. तुम्हाला वाटेल बॉलला पाय लावायला शिकवावं लागलं असेल, अजिबात नाही, लहानपणापासून भावांबरोबर बीचवर खेळलेल्या, अनवाणी, दहा-बारा वर्षांच्या होईपर्यंत कुणी अडवत नाही. पास, टर्न, टाच मारून मागं देणं, सगळं येतं. बारा ते पंधरा या वयात जी गॅप पडते त्यात मुलगा रोज संध्याकाळी खेळतो आणि मुलगी बाहेर बसून बघते. म्हणजे बॉल येतो पण मॅच येत नाही. कुणाला मार्क करायचं, बॉल आपल्याकडं नसताना कुठं पळायचं, हे सांगायला मला यूट्यूब बघून रात्री नोट्स काढाव्या लागायच्या. दादाला कोल्हापूरला व्हिडिओ पाठवायचे, तो तालमीत खेळलेला, तो व्हॉइस नोटवर शिव्या घालत सांगायचा आणि मी शिव्या गाळून इंग्लिशमधे पोरींना सांगायचे.

मग टूर्नामेंट. आपल्याकडं शाळेची टीम एसटीनं जाते, तिथं लाँच भाड्यानं करायची आणि त्याचे पैसे बघितले तर किटचा, बॉलचा, सगळ्याचा खर्च एकीकडं आणि लाँच एकीकडं. शाळेचं बजेट एकाच फेरीचं, त्यामुळं मुलांची टीम जाणार तेव्हाच आम्ही जाणार आणि त्यांच्या मॅचेस संपल्या की परत. मुलींच्या मॅचेस त्यात बसवलेल्या. ॲटॉलच्या राजधानीच्या बेटावर पोचलो तर कळलं मुलींच्या दोन टीम्स आल्याच नाहीत, एकाच्या पाच पोरी भरल्या नाहीत आणि एकाला समुद्र खराब म्हणून लाँच मिळाली नाही. उरलो चार. पहिल्या मॅचला आमच्या पोरी गर्दी बघूनच थिजल्या, तीन गोल खाल्ले. दुसऱ्या मॅचला गोलकीपरच्या आईनं, हो ती पण लाँचमधे चढली होती, बाहेरून "हिंगा! हिंगा!" (चला, चला) करून असा आवाज लावला की रेफ्रीनं वळून बघितलं. ती मॅच आम्ही २-१ जिंकलो. तिसरी बरोबरीत. आणि संपलं. बक्षीस वगैरे नाही मिळालं. वर्षभराची टीम आणि मॅचेस एवढ्याच, आणि पुढच्या वर्षीच्या टूर्नामेंटपर्यंत एकही नाही.

मला इथं खरं दुखणं कळलं. पुढच्या वर्षी माझ्या आठातल्या तीन पोरी दहावी करून मालेला गेल्या, ए-लेव्हलला (अकरावी-बारावी), कारण बेटावर ते नाही. माले म्हणजे दोन चौरस किलोमीटरच्या आसपास जागा आणि त्यात लाखाच्या वर माणसं कोंबलेली, एका खोलीत मावशीच्या कुटुंबाबरोबर राहायचं, ग्राउंड कुठलं मिळणार. तिथं बायकांचं फुटबॉल म्हणजे मुख्यतः ऑफिसचं फुटसाल. पोलिस, आर्मी, कस्टम्स, बँका, कंपन्या, प्रत्येकाची टीम, क्लब मालदीव्ज कपसारखी स्पर्धा, लाइट, म्युझिक, गर्दी, मजा असते अगदी. आणि काही काळ पैसा पण होता, २०१४-१५ च्या सुमारास आपल्या इंडियाच्या टीममधल्या बाला देवीसारख्या खेळाडू तिथल्या न्यू रेडियंट क्लबकडून खेळायला गेल्या होत्या, आणि बांगलादेशची सबिना खातून पोलिसांच्या टीमकडून खेळली, देशाबाहेर खेळणारी ती त्यांची पहिली महिला फुटबॉलर. म्हणजे शेजारच्या देशांतल्या पोरी पैसे कमवायला मालेला यायच्या, आता ऐकून खरं वाटत नाही. पण हे सगळं थोड्या आठवड्यांचं. सीझन संपला की बूट कपाटात, परत पुढच्या वर्षी.

आणि मग याच पोरींना नॅशनल टीमचा शर्ट देऊन अकराच्या मॅचला उतरवायचं. फुटसालला ऑफसाइड नाही, थ्रो-इन नाही, बॉल लाइनवर ठेवून पायानं मारतात, ग्राउंड छोटं, सारखं सब्स्टिट्यूट होता येतं. मोठ्या ग्राउंडवर नव्वद मिनिटं पळायची सवय कुठून येणार. २०१६ च्या सिलिगुडीच्या सॅफमधे मालदीवच्या बायका सेमीफायनलपर्यंत गेल्या होत्या, तिथं बांगलादेशनं ६-० केलं. तोपर्यंत ठीक होतं म्हणायचं.

२०२२ च्या फेब्रुवारीत एक भारी गोष्ट झाली. सौदी अरेबियाच्या महिला टीमची आयुष्यातली पहिली इंटरनॅशनल मॅच, ती मालेच्या नॅशनल स्टेडियमवर झाली, सेशेल्सला २-० हरवलं. आम्ही स्टाफ क्वार्टर्समधे टीव्हीवर बघितली, माझ्या गोलकीपरसकट चार-पाच पोरी आल्या होत्या. चार दिवसांनी सौदीनं मालदीवला पण २-० हरवलं. पोरी एकदम चिडल्या. कारण सौदीची टीम कालची, काही महिन्यांपूर्वी तयार झालेली, आणि आपण वीसेक वर्षं खेळतोय. मी म्हटलं त्यांच्याकडं जर्मन कोच आहे, मोनिका श्टाब, त्यांची लीग सुरू झालीय, पैसा ओततायत. त्यावर गोलकीपर म्हणाली, "मिस, दे हॅव प्रॅक्टिस एव्हरी डे." बास.

त्याच वर्षी सप्टेंबरात काठमांडूची सॅफ. बांगलादेश ३-०, इंडिया ९-०, पाकिस्तान ७-०. आणि पाकिस्तानच्या पोरी तर आठ वर्षांनी इंटरनॅशनल खेळत होत्या! तीन मॅचेस, १९ गोल खाल्ले, मारला एकही नाही. इंडियाची मॅच झाली त्या रात्री मला खरंच कळेना कुणासाठी टाळ्या वाजवू. २०२४ मधे परत काठमांडू, नेपाळकडून ११, भूतानकडून १३. भूतान, ज्यांची लोकसंख्या पण आठ लाखाच्या आत. त्यामुळं "एवढासा देश, काय करणार" हे मला आता कुणी सांगू नये. त्याच एवढ्याशा देशाच्या पुरुषांनी दोनदा आपल्याला फायनलला हरवलंय. माणसं तेवढीच आहेत हो, बेटं तीच, समुद्र तोच. पुरुषाला रोजचा चार ते सहाचा स्लॉट आहे आणि बाईला दुपारी दोनचा, हा फरक आहे. धर्म मधे येत नाही असं मी म्हणणार नाही, ते एक वडील आणि एक आजोबा नाही म्हणालेच होते. पण ते दोघंच होते. स्लॉटच्या वहीत मात्र सगळं बेट होतं, त्यात ते "व्हेरी गुड मिस" म्हणणारे पण.

मी परत आले त्याला आता काही काळ झाला. २०२४ च्या डिसेंबरात मालदीवची टीम बंगलोरला आली होती, इंडियाशी दोन फ्रेंडली. पहिली १४-०. आमच्या फॅमिली ग्रुपवर कुणीतरी हसण्याच्या इमोजीसकट टाकलं आणि मी एवढा मोठा मेसेज लिहिला की दादा म्हणाला, बाई गं, ब्लॉग लिही. (म्हणून हे.) दोन जानेवारीला दुसरी मॅच, ११-१. तो एक गोल झाल्यावर माझा फोन जो वाजायला लागला, माझ्या जुन्या पोरींचा ग्रुप, माले, मालेशेजारचं हुलहुमाले, एक जण मलेशियात शिकतेय, सगळ्या एकदम किंचाळत होत्या. इंडियाला गोल मारला म्हणून माझी खेचायची संधी त्यांनी ११ गोल खाऊन पण सोडली नाही.

त्यांच्या फुटबॉल फेडरेशनचं तर वेगळंच झालं, २०२४ मधे फिफानं तिथं कारभार बघायला स्वतःची नॉर्मलायझेशन कमिटी बसवली, त्यामुळं सगळा फुटबॉलच विस्कटला आणि त्यात बायकांच्या लीगचा नंबर कितवा लागला असेल ते तुम्हीच समजा. माझी गोलकीपर आता हुलहुमालेत एका ऑफिसात नोकरीला आहे, ऑफिसच्या टीममधे गोलमधे उभी राहते. मागच्या महिन्यात तिनं विचारलं, मिस, तुमच्या त्या ड्रिलच्या नोट्स आहेत का अजून, शेजारच्या बिल्डिंगमधल्या बारा-तेरा वर्षांच्या मुली गोळा केल्यात. मी फोटो काढून पाठवल्या. ग्राउंड कुठलं मिळालं विचारलं तर म्हणाली शुक्रवारी सकाळी साडेसहा, त्या वेळी पुरुष झोपलेले असतात.